मदत हवी आहे: केसांचा लांब कोंबडा काढलेल्या फिनिश बँडचा सिनेमा कोणता?

धाकटी_पाती: रविवारी दादाचा ४५ वा वाढदिवस, त्याआधी हा सिनेमा हवाच आहे. फिनलंडचा रॉक बँड, कपाळावरून हातभर पुढे आलेला केसांचा कोंबडा, तसेच लांब टोकदार बूट. लहानपणी केबलवर पाहिला. दुसऱ्या दिवशी दादाने साबणाचं पाणी लावून तस्साच कोंबडा काढला आणि आईने त्याचं डोकं नळाखाली धरलं. शोधून थकलो. नाव सांगा!

ढणढणाट: लॉर्डी! २००६ ला युरोव्हिजन ही युरोपातली गाण्यांची स्पर्धा जिंकले, २००८ मध्ये 'डार्क फ्लोअर्स' या भयपटात स्वतः राक्षस झाले.

रीळवेडी: @ढणढणाट, ते मुखवटेवाले. यांनी केस म्हटलंय. @धाकटी_पाती, साल कोणतं? गाणी कुठल्या भाषेत?

धाकटी_पाती: इंग्रजी. मी पाचवीत होतो. ९४-९५ असेल. अजून काय सांगू?

रीळवेडी: मग 'लेनिनग्राड काउबॉइज गो अमेरिका', १९८९. दिग्दर्शक आकी काउरिस्माकी. बँड अमेरिकेत निघतो, बरोबर थंडीने गोठून मेलेला साथीदार शवपेटीत, आणि पेटीबाहेर त्याचा कोंबडा आणि बूट. गाडी विकणारा म्हणजे अमेरिकन दिग्दर्शक जिम जार्मुश.

उत्तरध्रुव: नाइटविश या फिनिश बँडचा 'इमॅजिनेरम' (२०१२) दाखवा दादाला. पोएट्स ऑफ द फॉल बँडच्या 'कार्निव्हल ऑफ रस्ट' गाण्याचा व्हिडिओ केला त्याच स्टोबे हार्यूने दिग्दर्शित केलाय. काय दिसतो तो!

जुनी_कॅसेट: काउबॉइज खरा बँडच नव्हे, सिनेमासाठी बनवलेला.

रीळवेडी: साफ चूक. त्यातली मंडळी स्लीपी स्लीपर्स या बँडची, तो सत्तरच्या दशकातला. काउरिस्माकीने १९८६ मध्येच त्यांना घेऊन 'रॉकी सिक्स' हा लघुपट केला होता.

जुनी_कॅसेट: पण काउबॉइज हे नाव, हा वेश तर नंतरचाच ना?

धाकटी_पाती: भांडू नका हो, शुक्रवार उजाडला. काल रात्री 'गो अमेरिका' पूर्ण पाहिला. कोंबडे तेच, बँड तोच, पण सिनेमा हा नाही. आम्ही पाहिलेल्यात मागे गणवेशातले सैनिक रांगेने उभे राहून गात होते.

रीळवेडी: अहो, हे पहिल्यांदाच सांगायचं ना! तो रशियन सैन्याचा अलेक्सांद्रोव्ह गायकवृंद. सोव्हिएत संघ फुटून दीड वर्ष झालं होतं. १२ जून १९९३ ला हेलसिंकीच्या सिनेट चौकात दोघे एकत्र गायले, समोर सुमारे ७०,००० माणसं. काउरिस्माकीने त्याचा 'टोटल बालालाइका शो' हा सिनेमा केला. पण थांबा, १९९४ च्या एमटीव्ही पुरस्कारांतही हेच दोघे 'स्वीट होम अलाबामा' गायले होते, न्यूयॉर्कला. तुम्ही पाहिलं ते सभागृहातलं की उघड्यावरचं? एकच गाणं की बरीच?

धाकटी_पाती: उघड्यावर, तुडुंब गर्दी. बरीच गाणी. एक 'डिलायला' होतं, दादा अजून अंघोळ करताना तेच म्हणतो.

रीळवेडी: मग बालालाइकाच. 'डिलायला' आहे त्यात.

धाकटी_पाती: मिळाला!! तुकडा सापडला, तेच सैनिक, तेच कोंबडे. वहिनीला पाठवतोय, दादाला इतक्यात सांगू नको म्हणून.

ढणढणाट: 'डार्क फ्लोअर्स'पण बघाच.