परवान्याचं पिस्तूल झाकून शाळेच्या आवारात नेता येतं का? (कोल्हापूर)

राजारामपुरी_पालक
नमस्कार मंडळी. पालक-शिक्षक संघापुढं एक विषय आलाय, त्यावर नेमकी माहिती पाहिजे. संस्थेच्या एका पदाधिकाऱ्यांकडं स्वसंरक्षणाचा शस्त्र परवाना आहे. पिस्तूल कमरेला लावून, वर शर्ट सोडून ते मीटिंगला येतात. त्यांचं म्हणणं, परवाना अख्ख्या भारताचा आहे, हत्यार कुणाला दिसत नाही, मग तक्रार कसली? त्यात पालकांच्या ग्रुपवर एक मेसेज फिरतोय की परवानाधारकाला शाळेत झाकून हत्यार नेण्याची कायद्यानं मुभा आहे.

हे खरं आहे का? गाडीत ठेवून गाडी शाळेच्या पार्किंगला लावली तर? फाटकावरच्या वॉचमननं काय करायचं? शिवाय गॅदरिंगला मर्दानी खेळ आहेत आणि पुढच्या वर्षी एअर रायफलची रेंज काढायचं चाललंय. तेही यात येतं का?

वकील_बावडा
याचं उत्तर त्यांच्या खिशातल्या परवान्यावरच छापलेलं आहे. तो भाग सहसा कुणी वाचत नाही, एवढंच.

शस्त्र अधिनियम १९५९ आणि शस्त्र नियम २०१६ यांच्याखाली स्वसंरक्षण, खेळ किंवा शोभेसाठी जो परवाना मिळतो तो नमुना ३ मध्ये असतो. त्याच्या अटींमध्ये लिहिलंय की परवाना देणाऱ्या अधिकाऱ्यानं खास परवानगी दिली नसेल तर हत्यार जत्रेत, धार्मिक मिरवणुकीत, सार्वजनिक जमावात किंवा शैक्षणिक संस्थेच्या आवारात न्यायचं नाही. जुन्या १९६२ च्या नियमांतही ही अट होती. म्हणजे जोतिबाच्या चैत्र यात्रेला जी बंदी तीच शाळेला. अट 'हत्यारा'बद्दल आहे. मॅगझीन काढून ठेवलं, गोळ्या घरी ठेवल्या, शनिवारी दुपारी पोरं नव्हती, यातलं काहीही चालत नाही. आणि शैक्षणिक संस्था म्हटल्यावर कॉलेजही आलंच.

आता 'झाकलेलं आहे' हा मुद्दा. २०१६ च्या नियम ८ प्रमाणं सार्वजनिक ठिकाणी पिस्तूल किंवा रिव्हॉल्व्हर होल्स्टरमध्ये अंगाला लावून किंवा पिशवीत, पूर्ण झाकून आणि स्वतःच्या ताब्यात राहील असंच न्यायचं असतं. रस्त्यावरसुद्धा ते झाकलेलंच पाहिजे. त्यामुळं शर्टाखाली आहे म्हणून जास्तीची सवलत मिळते हा समज उलटा आहे. ते फाटकाबाहेरचं कर्तव्य झालं, त्यानं फाटकाच्या आतला हक्क मिळत नाही. 'अखिल भारतीय' हा शेरासुद्धा फक्त क्षेत्र सांगतो. छापील अटी त्या सगळ्या क्षेत्रात लागू राहतात.

पन्हाळा_रोड
वकीलसाहेब, अट मोडली तर कलम ३० लागतं ना? सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा २,००० रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. ज्याच्याकडं पिस्तूल घ्यायला पैसे आहेत त्याला २,००० चं काय कौतुक?

वकील_बावडा
दंडाकडं बघू नका, कलम १७ कडं बघा. अट मोडली की परवाना निलंबित किंवा रद्द करता येतो, आणि परवानाधारकाला खरा चटका तिथं बसतो. कोल्हापूर जिल्ह्यात पोलीस आयुक्तालय नाही, म्हणून परवाना देणारे आणि काढून घेणारे अधिकारी जिल्हादंडाधिकारी, म्हणजे कलेक्टर. त्यांच्या आदेशावर कलम १८ खाली अपील होतं ते पुण्याला विभागीय आयुक्तांकडं. ते चालेपर्यंत हत्यार पोलीस ठाण्यात किंवा परवानाधारक विक्रेत्याकडं जमा. शिवाय कलम ३८ प्रमाणं या कायद्याखालचे सगळे गुन्हे दखलपात्र आहेत, त्यामुळं 'एनसी (अदखलपात्र नोंद) लिहून सोडून द्या' हा मार्ग इथं नाही.

आणखी एक सापळा आहे. २०१९ च्या दुरुस्तीनंतर परवान्याची मुदत तीनऐवजी पाच वर्षं झाली. नूतनीकरण राहून गेलं असेल आणि तेच पिस्तूल शाळेत सापडलं, तर विषय कलम ३० चा राहत नाही. विनापरवाना बाळगल्याचं कलम ३ आणि २५(१-ब) लागतं, त्यात किमान दोन ते कमाल पाच वर्षं कैद आणि दंड आहे. त्याच दुरुस्तीनं एका माणसाकडं तीनऐवजी दोनच बंदुकांची मर्यादा आली. तुमच्या पदाधिकाऱ्यांना आधी मुदतीची तारीख आणि परवान्यावरचा यूआयएन (ओळख क्रमांक) तपासायला सांगा.

गाडीबद्दल: पार्किंग कंपाउंडच्या आत असेल तर ते आवारच. बाहेर रस्त्यावर गाडी लावून पिस्तूल डॅशबोर्डच्या खणात ठेवलं तर आवाराची अट सुटेल, पण हत्यार ताब्यात राहिलं नाही. काच फोडून कुणी नेलं तर पोलीस ठाण्यात फिर्याद आणि परवाना कार्यालयाला कळवणं हे दोन्ही लगेच करावं लागतं, आणि निष्काळजीपणाचा ठपका येतो तो वेगळाच. सरळ उपाय एकच, मीटिंगच्या दिवशी हत्यार घरी कुलपात ठेवायचं. बंदूक एका खणात, काडतुसं दुसऱ्या, आणि दोन्ही किल्ल्या एकाच जुडग्यात नकोत.

निवृत्त_अंमलदार
फाटकाचं मी सांगतो. वॉचमननं हत्याराला हात लावायचा नाही आणि 'दाखवा बघू, बाहेर काढा' असंही म्हणायचं नाही. अपघाती गोळी सुटते ती बहुतेक वेळा हत्यार हाताळताना. होल्स्टरमध्ये आहे तोवर ते सगळ्यात सुरक्षित.

परवाना दाखवा म्हणायचा अधिकार कलम १९ खाली पोलिसांना आणि खास अधिकार दिलेल्या अधिकाऱ्यांना आहे, मुख्याध्यापकांना नाही. पण शाळेच्या आवारात कुणाला घ्यायचं हे शाळा ठरवू शकते. 'साहेब, हत्यार घरी ठेवून या, मीटिंग थांबवतो' एवढं मुख्याध्यापकांनी बाजूला घेऊन सांगितलं की बहुतेक माणसं ऐकतात. चारचौघांत पाणउतारा केला तर प्रकरण चिघळतं. ऐकलं नाही तर ११२ ला फोन. फोनवर माणसाचं वर्णन, कपड्यांचा रंग, हत्यार कमरेला आहे का हातात, तो इमारतीत कुठं आहे आणि पोरं कुठं आहेत, एवढं याच क्रमानं सांगायचं. हातात काढलेलं असेल तर आधी वर्गांची दारं आतून बंद, फोन त्यानंतर.

लेखी तक्रार करायची तर ठाण्यात एक प्रत द्या आणि एक जिल्हाधिकारी कार्यालयाच्या शस्त्र परवाना विभागाला. तारीख, वेळ, कुणी पाहिलं, एवढं पुरे. 'दहशत माजवतात' वगैरे विशेषणं घातली की अर्ज राजकारणाच्या ढिगात जातो.

एखाद्या विद्यार्थ्याच्या दप्तरात गावठी कट्टा निघाला तर ते सगळं वेगळं. दप्तर आहे तिथंच ठेवायचं, वर्ग रिकामा करायचा, कुणी उचलायचं नाही. गावठी हत्याराला भरवशाची सेफ्टी नसते, हातातून पडलं तरी उडू शकतं. मूल १८ च्या आतलं असेल तर बाल न्याय अधिनियम लागतो. त्याला लॉकअपमध्ये ठेवता येत नाही, २४ तासांत बाल न्याय मंडळापुढं हजर करावं लागतं. आणि हत्यार वडलांच्या परवान्याचं निघालं तर चौकशी वडलांची सुरू होते.

डॅलसचा_करवीरकर
ग्रुपवरचा मेसेज बहुधा इकडच्या, अमेरिकेतल्या कायद्याची अर्धी नक्कल असावा. इकडंही चित्र इतकं सरळ नाही. १९९० च्या केंद्रीय कायद्यानं शाळेपासून १,००० फुटांत बंदूक बाळगायला बंदी घातली. १९९५ मध्ये सुप्रीम कोर्टानं तो कायदा रद्द ठरवला, १९९६ मध्ये काँग्रेसनं, म्हणजे इकडच्या संसदेनं, दुरुस्त करून परत आणला. ज्या राज्यात शाळा आहे त्या राज्याचा परवाना असलेल्याला त्यात सूट आहे, पण राज्याचा स्वतःचा कायदा वेगळा लागतो. युटामध्ये परवानाधारक शाळेत नेऊ शकतो. टेक्ससमध्ये शाळेच्या इमारतीत बंदी, सरकारी विद्यापीठांत मात्र परवानाधारकाला १ ऑगस्ट २०१६ पासून झाकून नेता येतं. यातलं एक अक्षरही राजारामपुरीत लागू नाही.

रेंज_ऑफिसर_१०मी
एअर रायफलबद्दल घाबरू नका, पण विकत घेताना डोळे उघडे ठेवा. ०.१७७ इंच म्हणजे ४.५ मिमी बोअर (नळीचा आतला व्यास) आणि २० ज्यूलपर्यंत मझल एनर्जी (नळीतून सुटतानाची पेलेटची, म्हणजे छर्ऱ्याची ऊर्जा) असेल तर परवाना लागत नाही. ऑलिंपिकची १० मीटर रायफल यातच बसते. घोळ होतो तो .२२ बोअरच्या स्प्रिंग एअरगनमध्ये. दिसायला सारखीच, स्वस्तात मिळते म्हणून कुणीतरी देणगी म्हणून देतं, आणि ती परवान्यात येते. देणगीत आलेल्या प्रत्येक गनचं बोअर आणि बिल तपासा. बिल संस्थेच्या नावावर, सीरियल नंबर रजिस्टरला.

आणि .२२ ची खरी रायफल म्हणजे अग्निशस्त्र. पॅरिसला २०२४ मध्ये आपल्या कांबळवाडीच्या स्वप्नील कुसाळेला ब्राँझ मिळालं ते ५० मीटर थ्री पोझिशनमध्ये (गुडघ्यावर, झोपून आणि उभं राहून नेम), त्याच प्रकारच्या रायफलवर. तेव्हापासून पालक थेट 'तसली रायफल आणा' म्हणतात. शाळेनं त्या फंदात पडू नये. ते काम मान्यताप्राप्त रायफल क्लबचं, तिथंच पोरं पाठवा.

रेंजला: फायरिंग लाइन ते टार्गेट १० मीटर, टार्गेटचा मध्य जमिनीपासून १.४ मीटर. पेलेट ट्रॅपला लोखंडी पत्रा तिरका, वरचं टोक नेमबाजाकडं झुकलेलं, म्हणजे पेलेट खाली पेटीत पडते. पत्रा सरळ उभा लावला तर शिशाचे तुकडे मागं उडतात. बाजूची दारं रेंज चालू असताना आतून कडी लावून बंद. फायरिंग लाइनवर नसलेल्या प्रत्येक रायफलच्या नळीत आरपार सेफ्टी फ्लॅग, म्हणजे नळी रिकामी असल्याचं दाखवणारी रंगीत दोरी. पेलेट शिशाच्या असतात, म्हणून सराव संपल्यावर साबणानं हात धुतल्याशिवाय डबा उघडू द्यायचा नाही. झाडू मारू नका, ओल्या फडक्यानं पुसा.

स्पोर्ट्सच्या दिवशी शर्यत सोडायला कुणाचं खरं पिस्तूल हवेत उडवू नका, हे सांगायची वेळ यायला नको. लाकडी क्लॅपर बास होतो.

भुदरगड_शेतकरी
आमच्याकडं गव्या-रानडुकरांसाठी पीक संरक्षणाच्या ठासणीच्या बंदुका आहेत. शेत शाळेला लागूनच. मैदानातून वाट आहे, तिथनं जायला चालतं का?

वकील_बावडा
नको. पीक संरक्षणाचा परवाना नमुना ४ चा, तो ठरवून दिलेल्या क्षेत्रापुरताच असतो. शाळेचं मैदान त्या क्षेत्रात धरता येत नाही. बांधावरनं वळसा घालून जा, आणि शाळेच्या बाजूला नळी धरून बार काढू नका. गोळी पीक आणि शाळा यांत फरक करत नाही, आणि जिवाला धोका होईल असा हलगर्जी बार काढला तर कलम २५(९) आहे: दोन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाखापर्यंत दंड, किंवा दोन्ही.

राहिलेलं. एनसीसीच्या रायफली आणि बंदोबस्तावरचे पोलीस यांना कलम ४५ खाली सूट आहे, पण कर्तव्यावर असतानाच. एनसीसी शिक्षकाचं स्वतःचं परवान्याचं पिस्तूल त्यात येत नाही.

मर्दानी खेळाच्या तलवारी: नऊ इंचांपेक्षा लांब किंवा दोन इंचांपेक्षा रुंद पात्याची हत्यारं नियमांच्या पाचव्या वर्गात येतात. त्यातून जिल्ह्यात महाराष्ट्र पोलीस अधिनियमाच्या कलम ३७ चे बंदी आदेश अधूनमधून निघतात, त्यात तलवारीच काय, काठीलाठीसुद्धा येते. म्हणून कार्यक्रमाआधी त्या तारखेला आदेश चालू आहे का ते ठाण्यात विचारा. आखाड्याचं नाव, तलवारी-दांडपट्ट्यांची संख्या, वस्तादांचा फोन आणि वेळ लिहून परवानगीचा अर्ज द्या. धार काढलेलं पातं आणायचं नाही. हत्यारं टेम्पोत एकत्र बांधून आणायची आणि तशीच परत न्यायची. पोरांच्या हातात देऊन रस्त्यानं चालवत आणलं की तिथंच गाडी अडते.

शाळेत मतदान केंद्र असेल त्या दिवशी नियम आणखी कडक. लोकप्रतिनिधित्व अधिनियमाच्या कलम १३४-ब प्रमाणं मतदान केंद्राच्या परिसरातसुद्धा हत्यार न्यायचं नाही. शिक्षा दोन वर्षांपर्यंत, हत्यार जप्त, आणि परवाना आपोआप रद्द समजला जातो. निवडणुकीआधी हत्यार जमा करायची नोटीस मात्र सरसकट नसते, जिल्ह्याची छाननी समिती माणूस बघून ठरवते.

राजारामपुरी_पालक
आभार. म्हणजे ते खास परवानगी काढू शकतात?

वकील_बावडा
अर्ज करू शकतात. कारण, तारीख, वेळ, हत्याराचा नंबर आणि संस्थेचं संमतिपत्र लागेल, वर पोलिसांचा अहवाल मागवला जाईल. 'पालक सभेला यायचं आहे' हे कारण टिकणार नाही. संस्थेनं आधी ठराव करून घ्या की संमतिपत्र कुणाच्या सहीनं जाईल, नाहीतर ते स्वतःच पदाधिकारी म्हणून स्वतःला पत्र देतील.