खुब्याच्या ऑपरेशननंतर पायात रक्ताची गुठळी होऊ नये म्हणून घरी काय करावे?

प्रश्न (तासगाव, जि. सांगली)
माझ्या आईचे, वय ७४, पाय घसरून खुब्याचे हाड मोडले व मिरजेत ऑपरेशन झाले. घरी सोडताना डॉक्टरांनी एनोक्सापॅरिन (रक्त पातळ करणारे औषध) ४० मिलिग्रॅमचे इंजेक्शन रोज एक याप्रमाणे, ऑपरेशनपासून ३५ दिवस भरेपर्यंत पोटावर देण्यास सांगितले आहे. पोटावर काळेनिळे डाग पडल्यामुळे आई आता नको म्हणते, आणि भावकीतील मंडळी रोज तेलाने पाय चोळण्याचा आग्रह धरतात. टाके निघून ती वॉकर धरून चालू लागल्यावर इंजेक्शने थांबवली तर चालेल का?

उत्तर १ (परिचारिका, अस्थिरोग विभाग)
मनाने थांबवू नका. टाके निघाले तरी गुठळीचा धोका पुढे काही आठवडे राहतो, म्हणूनच हा कोर्स इतका लांबवतात. टोचलेल्या जागी लहान डाग पडणे नेहमीचे आहे. बेंबीपासून दोन इंच सोडून, आज डावीकडे तर उद्या उजवीकडे, कातडीची घडी चिमटीत धरून सुई सरळ आत घालावी, औषध पूर्ण जाईपर्यंत घडी सोडू नये आणि नंतर ती जागा अजिबात चोळू नये. पूर्ण डोस द्यायचा असल्यास सिरिंजमधील हवेचा बुडबुडाही काढू नये. तो काढताना औषध सांडते. मात्र शौच काळी होणे, लघवी लाल होणे किंवा जखमेतून रक्त येणे, यांपैकी काहीही दिसल्यास त्याच दिवशी डॉक्टरांना कळवा. दुकानातून डायक्लोफेनॅकसारखी वेदनाशामक गोळी परस्पर आणून देऊ नका. मूत्रपिंडाचा त्रास असेल तर क्रिएटिनिनचा (मूत्रपिंडाचे काम दाखवणाऱ्या रक्ततपासणीचा) रिपोर्ट डॉक्टरांना दाखवा, कारण डोस कमी करावा लागू शकतो.

उत्तर २ (फिजिओथेरपिस्ट, सांगली)
मालिशबद्दल स्पष्टच लिहितो. पोटरीत गुठळी झालेली असेल तर चोळल्याने ती सुटून फुफ्फुसात जाण्याची भीती असते, त्यामुळे भावकीचा रोष पत्करावा, पण तेल लावू देऊ नये. खोल शिरांतील रक्त वर ढकलण्याचे काम पोटरीचा स्नायू आकुंचन पावून करतो. म्हणून जागेपणी दर तासाला पंजा वर-खाली हलवणे आणि डॉक्टरांनी सांगितले तेवढे वजन पायावर देत चालणे हाच खरा उपाय आहे. गुडघ्याखाली सतत उशी नको. रात्री उठावे लागू नये म्हणून वयस्कर माणसे पाणी कमी पितात, तिकडेही लक्ष ठेवा.

प्रश्नकर्ता
आभारी आहे. ऑपरेशनचा पाय थोडा सुजलेला दिसतो. ती गुठळी असू शकेल का?

उत्तर ३ (वैद्यकीय अधिकारी)
ऑपरेशन झालेल्या पायाला थोडी सूज असतेच, त्यामुळे नुसते पाहून निदान होत नाही. गुडघ्याखालच्या हाडाच्या उंचवट्यापासून १० सेंमी खाली दोन्ही पोटऱ्यांचा घेर टेपने मोजा. फरक ३ सेंमीहून अधिक असेल, सूज वाढत असेल, पोटरी दुखत किंवा गरम लागत असेल, तर त्याच दिवशी डॉक्टरांना दाखवून पायाची डॉपलर सोनोग्राफी (शिरांतील रक्तप्रवाह दाखवणारी तपासणी) करून घ्या. अचानक दम लागला, छातीत दुखले, खोकल्यातून रक्त आले किंवा भोवळ आली, तर तपासणीची वाट न पाहता १०८ ला फोन करा आणि खुब्याचे ऑपरेशन झाले आहे व रक्त पातळ करणारे इंजेक्शन चालू आहे, हे आधी सांगा.