कोल्हापूर प्रकरणाची नोंद: गोष्ट रंगली, खटला राहिला

जुनी_कात्रणं:
कोल्हापूर प्रकरणावरच्या ज्ञानकोशातल्या नोंदीचा मसुदा तपासायला माझ्याकडे आलाय. 'उत्तम' असा शेरा द्यावा का, एवढंच विचारलंय. मी देणार नाही. का, ते सांगतो.

वाचायला मसुदा छान आहे. 'केसरी' आणि 'मराठा' १८८१च्या जानेवारीत निघाले. कोल्हापूरचे तरुण छत्रपती चौथे शिवाजी यांना वेडे ठरवून त्यांचा छळ चाललाय, असा आवाज या वृत्तपत्रांनी उठवला आणि रोख ठेवला दिवाण माधवराव बर्व्यांवर. बर्व्यांनी फिर्याद केली. १७ जुलै १८८२ला 'केसरी'चे संपादक आगरकर आणि 'मराठा'चे संपादक टिळक यांना चार महिन्यांची साधी कैद झाली. डोंगरीच्या तुरुंगातून ते २६ ऑक्टोबरला सुटले. मी बोटांवर मोजलं, बरोब्बर १०१ दिवस भरतात.

पण ज्या पत्रांच्या जोरावर हे सगळं लिहिलं गेलं, ती बर्व्यांच्या नावावरची पत्रं बनावट होती. मसुद्यात हे कुठे येतं? थेट सातव्या परिच्छेदात, आणि तेही 'पत्रांच्या खरेपणाबद्दल पुढे वाद झाला' अशा शब्दांत. वाद कसला? पत्रं बनावट आहेत हे कळल्यावर संपादकांनी स्वतः माफी मागितली होती. बर्व्यांनी खटला मागे घेतला नाही, तो त्यांचा हक्क होता. अब्रुनुकसानीच्या खटल्याची नोंद वाचून अब्रू कोणाची गेली आणि छापलेलं खरं होतं का, हेच कळत नसेल तर बाकीच्या सुबक वाक्यांचं काय करायचं?

पंचगंगाकाठ:
दादा, मुद्दा मान्य, पण तुम्ही फार आखडून बघताय. आमच्या कोल्हापुरात ही गोष्ट अजून जिव्हारी लागते. पत्रं खोटी होती, काळजी खोटी नव्हती. २५ डिसेंबर १८८३ला अहमदनगरला महाराज गेले, पहाऱ्यावरच्या ग्रीन नावाच्या गोऱ्या शिपायाशी झालेल्या झटापटीत. वय अवघं वीस. खटल्याच्या निकालाला दीड वर्षसुद्धा झालं नव्हतं. मसुद्याच्या शेवटी हा परिच्छेद आहे म्हणूनच वाचणाऱ्याला कळतं की ही दोघं कशासाठी आत गेली. तुमच्या पद्धतीनं लिहिलं तर उरतं काय? दोन उतावळ्या संपादकांनी खोटी पत्रं छापली, शिक्षा झाली, विषय संपला. हे तरी खरं का?

वकीलबाई:
दोन प्रश्न वेगळे ठेवू या. महाराजांचे हाल होत होते का, हा एक. त्यासाठी बर्व्यांनी कट केला का, हा दुसरा. कोर्टापुढे दुसरा होता.

तेव्हाच्या भारतीय दंडसंहितेचं अब्रुनुकसानीचं कलम ४९९ नीट वाचलं तर दिसतं की छापलेलं खरं असणं एवढ्यावरही भागत नाही, ते लोकहितासाठी होतं हेही दाखवावं लागतं. खरेपणाचा आधारच गेल्यावर उरतो तो सद्भाव, आणि सद्भाव म्हणजे नुसता चांगला हेतू नव्हे. पुरेशी काळजी घेतली होती का, पत्र कोणाच्या हातून आलं, अक्षर ताडून पाहिलं का, हे सगळं त्यात येतं. मसुद्यात यातलं अक्षरही नाही. तुरुंगातल्या खोलीला मात्र दोन परिच्छेद.

आणखी एक. नोंदीच्या खाली 'राजद्रोहाचे खटले' असा वर्ग लावलाय. ही चूक चालणारच नाही. टिळकांवर राजद्रोहाचे खटले झाले ते १८९७ला आणि १९०८ला. १८८२चा खटला एका माणसाच्या अब्रूचा होता. परीक्षेला बसणारी पोरं हेच पाठ करतात, म्हणून जीव तुटतो.

शाईचा_डाग:
वर्ग काढा, लगेच काढा. पण 'उत्तम' नाकारायला संदर्भ एकतर्फी आहेत असं कारण कोणी पुढे करणार असेल, तर माझा विरोध आधीच नोंदवतो. मसुदा दोन पुस्तकांवर उभा आहे: आगरकरांचं 'डोंगरीच्या तुरुंगातील आमचे एकशे एक दिवस' आणि न. चिं. केळकरांनी लिहिलेलं टिळकचरित्र. एक खुद्द आरोपीचं, दुसरं 'केसरी'च्याच संपादकाचं. हे दिसतंय मला. पण ही दोन बाजूला ठेवली तर या प्रकरणावर मराठीत हाताशी राहतं काय?

शिवाय जामिनाची हकिगत मसुद्यात एका ओळीत उरकलीय, त्याचं मला जास्त वाईट वाटतं. दहा हजारांचा जामीन देणारे रामशेठ बापूशेठ उरवणे हे जोतीराव फुल्यांच्या सत्यशोधक वर्तुळातले. पुढच्या काळात ज्यांच्यात एवढी दरी दिसते, ती माणसं १८८२ला एका बाजूला उभी होती. दोन परिच्छेद द्यायचेच तर इथे द्या.

जुनी_कात्रणं:
उरवण्यांबद्दल तुमचं शंभर टक्के पटलं, मी तसं लिहून देतो. पुस्तकंही काढू नका. फक्त जिथे 'बर्वे कारस्थानी होते' असं मसुदा आपल्या तोंडानं म्हणतो, तिथे हे कोणाचं म्हणणं ते लिहा. केळकरांचं मत केळकरांच्या नावानं आलं तर माझी हरकत नाही.

पंचगंगाकाठ, १८८३चा परिच्छेद मलाही हवाय. पण तो निकालानंतर लगेच, नोंद संपताना ठेवला की वाचणारा आपोआप जोडून घेतो: महाराज गेले, म्हणजे पत्रांतलं खरंच होतं. नगरच्या त्या शिपायाचा आणि बर्व्यांच्या नावावरच्या कागदांचा काय संबंध? बर्वेही कोणाचे तरी होते. त्यांच्यावर खोटा आरोप छापला गेला, हे कोर्टात ठरलं. दीडशे वर्षांनी आपण तोच आरोप निव्वळ परिच्छेदांच्या क्रमातून परत करायचा का?

पंचगंगाकाठ:
बर्व्यांवर अन्याय नको, कबूल. 'बनावट' हा शब्द पहिल्या परिच्छेदात घ्या, 'वाद झाला' खोडा. पण जोडलं जातंय म्हणून महाराजांचा मृत्यू पार्श्वभूमीत कुठेतरी सरकवणार असाल तर ते मला चालणार नाही. खटल्याच्या आधी छत्रपतींवर एक स्वतंत्र भाग करा. दत्तक कधी आले, वेडे कोणी ठरवलं, नगरला कसे नेले, कसे गेले, सगळं सलग. तिथे १८८३ येऊ दे. वाचणारा खटल्यापाशी पोचेल तेव्हा तो मुलगा कोण होता हे त्याला माहीत असलं पाहिजे.

वकीलबाई:
स्वतंत्र भाग चालेल. मात्र त्यात बर्व्यांचं नाव दिवाण म्हणून येईल तेवढंच. कलम ४९९चा परिच्छेद मी रविवारपर्यंत लिहून देते.

जुनी_कात्रणं:
द्या. शेरा तोवर 'दुरुस्ती हवी' असाच ठेवतोय.