मदत हवी आहे: पिल्लाची पापणी आत वळतेय, टाके आत्ताच घालावेत का?

लॅब्रॅडॉरचं पिल्लू, नर, वय 11 आठवडे. उजव्या डोळ्याची खालची पापणी आत वळते. गालाची कातडी बोटाने जरा खाली ओढली की पापणीची कड दिसते, सोडली की परत आत. तिथले केस ओले होऊन बुबुळाला चिकटलेले असतात. डोळा सतत गळतो, उन्हात मिचकावतो. डावा ठीक आहे.

आधी धूळ गेली असेल म्हणून आठवडाभर कोमट पाण्याने पुसत बसलो (चूक आमचीच). मग डॉक्टरांनी डोळ्यात रंग टाकून तपासलं: बुबुळावर जखम नाही, एन्ट्रोपियन (पापणी आत वळण्याचा दोष) आहे. सध्या डोळा ओला ठेवणारे थेंब चार वेळा आणि गळ्यात प्लास्टिकचा भोंगा, जो घेऊन पिल्लू दारांवर आपटत फिरतं. स्टिरॉइडचे थेंब घातलेले नाहीत. दहा दिवसांत गळणं कमी झालं, मिचकावणं तसंच.

कायमची शस्त्रक्रिया चेहरा पूर्ण वाढल्यावरच, आत्ता कातडी कापली तर पुढे पापणी बाहेर लोंबू शकते, असं डॉक्टर म्हणतात. तोवर पापणी बाहेर वळवून धरणारे तात्पुरते टाके घालता येतील, पण त्यासाठी भूल आणि साताऱ्याहून पुण्याच्या फेऱ्या.

ज्यांनी असे टाके घालून घेतलेत, ते किती दिवस टिकले, परत घालावे लागले का? आणि जखम नसताना नुसत्या थेंबांवर थांबणं कितपत सुरक्षित?