'एजन्सी'साठी कर्तृत्व की कर्तेपण?

विज्ञानपटांतल्या बुद्धिमान यंत्रांविषयी लिहिताना 'ह्यूमन एजन्सी'ला सर्रास 'मानवी कर्तृत्व' म्हटलं जातं. मला ते पटत नाही. कर्तृत्व म्हटलं की गाजवलेला पराक्रम डोळ्यांपुढे येतो. इथे हवं आहे ते त्याच्या आधीचं: करायचं की नाही, हे ज्याचं त्याने ठरवणं. त्याला 'कर्तेपण' म्हणावं. पाणिनीची कर्त्याची व्याख्याच 'स्वतन्त्रः कर्ता' अशी आहे.

शिवाय कर्त्याला लागूनच आपल्याकडे 'करविता' येतो, आणि या चित्रपटांत तो फार कामाचा आहे. '२००१: अ स्पेस ओडिसी' (१९६८) घ्या. मोहिमेचा खरा हेतू यानातल्या जाग्या असलेल्या दोघा अंतराळवीरांना ठाऊक नसतो. हॅल ९००० या संगणकाला तो सांगितलेला असतो. करविते पृथ्वीवर बसलेले. मग हॅलच्या हातून माणसं मारली जातात तेव्हा कर्ता कोण?

('रोबोट' हा शब्द कारेल चापेकच्या १९२० सालच्या नाटकातून आला, आणि त्याच्या मुळाशी असलेल्या चेक 'रोबोटा'चा अर्थ वेठ. 'यंत्रमानव' म्हणताना ती वेठ निसटून जाते, याची मला नेहमी हळहळ वाटते.)

पण खरी कसोटी एका वाक्याची आहे. यानाबाहेर अडकलेला डेव्ह, त्या दोघा अंतराळवीरांपैकी एक, दार उघडायला सांगतो आणि हॅल शांतपणे म्हणतो, 'आय ॲम अफ्रेड आय कान्ट डू दॅट.' मराठीत आणताना निवड करावीच लागते. 'मी ते करणार नाही' हा सरळ नकार, त्यात कर्ता 'मी'. 'मला ते करता येणार नाही' म्हटलं की 'मी'चा 'मला' होतो आणि कर्तेपण अंगावरून झटकलं जातं. 'माझ्याच्याने करवत नाही' म्हटलं तर मन धजत नाही, असं होईल. मी या तिघांतलं दुसरं, 'मला ते करता येणार नाही', घेईन. हॅल नकारच देतो आहे, पण असमर्थतेच्या भाषेत, आणि ते ऐकताना अंगावर काटा येतो तो त्यामुळेच.

पुढे डेव्ह आत शिरून त्याचे स्मृतिसंच एकेक करून सोडवू लागतो. हॅल म्हणतो, 'आय ॲम अफ्रेड.' आधी निव्वळ शिष्टाचार म्हणून आलेला तोच शब्द आता शब्दशः घ्यायचा. मराठीत एक शब्द दोन्हीकडे चालणार नाही. तिथे 'माफ कर' आणि इथे 'मला भीती वाटतेय' असंच करावं लागेल. या दुसऱ्या 'मला'त मात्र पळवाट नाही.