साठेखत झाले, पण मालक खरेदीखत करून देत नाहीत: दावा कोणता लावावा?

प्रश्न: सातारावासी

आम्ही पती-पत्नींनी सातारा शहरालगतच्या एका बिगरशेती प्लॉटचे साठेखत (पुढे विक्री करून देण्याचा लेखी करार) जून 2023 मध्ये नोंदवून घेतले. ठरलेल्या 32 लाखांपैकी 10 लाख रुपये विसार म्हणून धनादेशाने दिले. वारसनोंद आणि मोजणी मालकांनी पुरी करायची व 31 मार्च 2024 पर्यंत खरेदीखत करून द्यायचे, असे साठेखतात स्पष्ट लिहिले आहे. मोजणी आजतागायत झालेली नाही. मधल्या काळात भाव वाढले, आणि आता मालक म्हणतात की मुदत तुम्हीच पाळली नाही, म्हणून साठेखत रद्द झाले. त्यांनी तसे पत्र आणि 10 लाखांचा धनादेश रजिस्टर पोस्टाने पाठवला आहे. एका परिचितांचा सल्ला असा की, कोर्ट फी कमी लागते म्हणून सध्या केवळ मनाई हुकमाचा (मालकांनी प्लॉट दुसऱ्याला विकू नये म्हणून) दावा लावावा, करारपूर्तीचे (न्यायालयामार्फत खरेदीखत करून घेण्याचे) पुढे पाहता येईल. हे योग्य आहे का?

प्रतिसाद: दिवाणी वकील, पुणे

ताई, तो सल्ला कृपया मानू नका. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 2 नियम 2 प्रमाणे एकाच वादकारणातून (दावा लावण्यास कारण झालेल्या घटनांतून) जे जे मागता येते ते एकाच दाव्यात मागावे लागते, आणि न्यायालयाची परवानगी न घेता एखादी मागणी गाळली तर तिच्यासाठी नंतर वेगळा दावा चालत नाही. सर्वोच्च न्यायालयाने 2012 साली व्हर्गो इंडस्ट्रीजच्या प्रकरणात नेमके हेच सांगितले: आधी फक्त मनाईचा दावा लावणाऱ्या खरेदीदाराचे नंतरचे करारपूर्तीचे दावे काढून टाकले गेले. करारपूर्तीच्या दाव्यात ठरलेल्या मोबदल्यावर कोर्ट फी भरावी लागते हे खरे, पण ती वाचवण्याच्या नादात मूळ हक्क घालवलेली कुटुंबे मी पाहिली आहेत आणि त्याचे मला आजही वाईट वाटते. करारपूर्ती, ताबा आणि मनाई एकत्र मागा. विसाराची परतफेड पर्यायी मागणी म्हणून लिहा, कारण विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियमाच्या (स्पेसिफिक रिलीफ ॲक्ट) कलम 22 प्रमाणे ताबा किंवा परतफेड स्पष्ट मागितल्याशिवाय मिळत नाही.

मुदतीचेही लक्षात ठेवा. साठेखतात तारीख ठरलेली असेल तर त्या तारखेपासून तीन वर्षांत दावा लावावा लागतो, म्हणजे आपल्यासाठी 31 मार्च 2027. नोटिसा पाठवत राहिल्याने ही मुदत थांबत नाही.

प्रतिसाद: निवृत्त बँक अधिकारी, कराड

वकीलसाहेबांच्या म्हणण्याला पुरवणी जोडतो. 1 ऑक्टोबर 2018 पासून हाच अधिनियम बदलला आणि करारपूर्तीचा हुकूम देणे न देणे हा पूर्वीसारखा न्यायालयाचा स्वेच्छाधिकार राहिला नाही, हे आपल्या बाजूचे आहे. तरीही त्याच्या कलम 16 प्रमाणे खरेदीदाराने आपली तयारी आणि इच्छा पहिल्यापासून कायम होती हे सिद्ध करावेच लागते. तयारी म्हणजे पैशाची ऐपत आणि इच्छा म्हणजे वागणूक. उरलेले 22 लाख न्यायालयाने सांगितल्याशिवाय जमा करावे लागत नाहीत, परंतु मार्च 2024 च्या सुमारास ते कोठून उभे राहणार होते, याचा कागद हवा. कर्जमंजुरीचे पत्र, ठेवींच्या पावत्या, खात्याचे उतारे आजच काढून ठेवा. मोजणी करून घ्या असे मालकांना लिहिलेले प्रत्येक पत्र आणि संदेशही जपा, कारण काम कोणाकडून अडले हाच या दाव्याचा गाभा आहे.

प्रतिसाद: सातारावासी

मनापासून आभार. कर्जमंजुरीचे पत्र फेब्रुवारी 2024 चे आहे. मालकांनी पाठवलेल्या धनादेशाचे काय करावे?

प्रतिसाद: दिवाणी वकील, पुणे

तो खात्यात भरू नका. भरल्यास आपण साठेखत रद्द झाल्याचे मान्य केले, असा बचाव मालकांना मिळेल. रद्द केल्याचे आम्हाला मान्य नाही आणि आम्ही खरेदीखतास तयार आहोत, असे लिहून वकिलामार्फत धनादेश परत पाठवा. शिवाय त्यांनी लेखी रद्द केले आहे, त्यामुळे ते रद्द करणे बेकायदेशीर असल्याचे ठरवून मिळावे, अशी मागणीही दाव्यात घाला. 2013 च्या आय. एस. सिकंदर प्रकरणात ही मागणी नसल्यामुळेच खरेदीदाराचा दावा टिकला नाही. 2017 च्या एका निकालात त्याची धार कमी झाली असली, तरी ही त्रुटी ठेवण्याचे कारण नाही. दावा दाखल होताच त्याची नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवून घ्या, म्हणजे मध्येच कोणी प्लॉट विकत घेतला तरी आपल्याला काही ठाऊक नव्हते असे त्याला म्हणता येणार नाही.

प्रतिसाद: कोल्हापूरचा एक वाचक

आमच्या करारपूर्तीच्या दाव्यात हुकूमनामा (न्यायालयाचा अंतिम आदेश) झाला होता, तरी उरलेली रक्कम जमा करायला आम्ही ठरवून दिलेल्या तारखेनंतर गेलो आणि मालकाने त्याच अधिनियमाच्या कलम 28 खाली करार रद्द करण्याचा अर्ज दिला. मुदतवाढ मिळाली, पण त्यात दोन वर्षे गेली. पुढे दरखास्तीत (हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीच्या अर्जात) मालक सहीला आलाच नाही, तेव्हा न्यायालयाच्या अधिकाऱ्याने त्याच्या वतीने खरेदीखत करून दिले. निकालाच्या दिवशीच रक्कम भरण्याची शेवटची तारीख विचारून लिहून घ्या.