प्रति: निष्ठा, कर्तव्य आणि वर्दीवरची पुस्तकं
सैन्य-पोलिसांवरच्या पुस्तकांच्या या चर्चेत आधी सुचवलेल्या यादीत बहुतेक शौर्यकथाच आहेत, म्हणून ब्रिगेडियर जॉन दळवींचं 'हिमालयन ब्लंडर' (१९६९) आवर्जून सुचवतो. १९६२ च्या भारत-चीन युद्धात ईशान्य सीमेवरच्या नामका चू नदीकाठी त्यांची ७वी ब्रिगेड (काही पलटणींची मिळून बनलेली सैन्यतुकडी) होती. थंडीत अंगावर सुती कपडे, माणशी जेमतेम ५० गोळ्या आणि समोर उंचावर चिनी. ही जागा लढण्यालायक नाही, हे वरिष्ठांना सांगून झालं होतं. तरी हुकूम आला आणि माणसं तिथेच राहिली. २० ऑक्टोबरला हल्ला झाला, ब्रिगेड मोडली, दळवी स्वतः कैदेत गेले. पुस्तकात राग आहे, काही ठिकाणी एकतर्फीही वाटतं. पण गेलेल्या जवानांची बाजू मांडणं हेही त्यांनी कर्तव्यच मानलं, आणि मला ते फार मोठं वाटतं. पोलीस खात्यातलं असं परखड लिखाण कुणी वाचलंय का?